गोजराबाईंची शुगर कुणी वाढवली?

“सावळीराम हे नाव ऐकलं की मनमाड जंक्शनवर आजही भल्याभल्यांचे पाय लटपटतात,” असं सावळीराममामा स्वतःच सांगत, कारण ते सांगायला दुसरं कोणी तयार नसे. “नुसत्या कानाकडे बघून मी ओळखतो, याच्याकडे तिकीट आहे की नाही. हे गुप्तहेराचं रक्त आहे, रोहित! रेल्वेने ते तिकिटं तपासण्यात आटवलं, हे देशाचं दुर्दैव.”

रोहित हा त्यांचा भाचा, आणि नाइलाजाने सहायक. निवृत्त झाल्यापासून मामा पंचवटीत बहिणीकडे मुक्कामाला येत आणि काहीतरी हरवायची वाट बघत बसत. काहीच हरवलं नाही तर स्वतःचा चष्मा हरवून शेजाऱ्यांवर संशय घेत. रोहितला त्याची सवय झाली होती. पण आज संशय त्याच्या बायकोवर होता, आणि ते त्याला मुळीच रुचलेलं नव्हतं.

झालं होतं असं. रोहितच्या आजीची, गोजराबाईंची, पंच्याहत्तरी होती. सकाळपासून ओवाळायला गल्लीतल्या बायकांची रीघ लागलेली. कुंकवाचे थर चढून आजीच्या कपाळावर छोटासा डोंगर तयार झाला होता. आजीला डायबेटिस. घरात श्रीखंड झालं की तिच्या ताटात काकडी पडायची. म्हणून सृष्टीने, रोहितच्या बायकोने, खास आजीसाठी बिनसाखरेचा चीजकेक केला. टांगून ठेवलेला चक्का, थोडं पनीर, तळाला बिस्किटांऐवजी बदामाचा भुगा आणि गोडीला स्टीव्हिया या गोड पानांची पूड. आधीचे दोन बिघडले होते. एकाला मधोमध अशी भेग गेली, की गोदावरी बरी. दुसरा एवढा घट्ट झाला, की आठवडाभर दाराला अडसर म्हणून उपयोगी पडला. आजचा मात्र जमला.

आजीने एक तुकडा खाल्ला, डोळे मिटले आणि म्हणाली, “लय ग्वाड. आता वर गेले तरी चालंल.”

थोड्या वेळाने बोटाला सुई टोचून शुगर बघितली. यंत्राने तीनशे बारा दाखवले.

रोहितचे वडील सोमनाथ हादरले. डॉक्टरांना फोन झाला. घाबरू नका, पाणी पाजा, गोळी चुकवू नका, पुन्हा तपासा, आणि दिवसभरात पोटात काय गेलं ते शोधा, असं डॉक्टर म्हणाले. सोमनाथांनी शोधायची तसदी घेतली नाही. “हा केक आजपासून बंद! तो ओव्हन उद्या माळ्यावर टाका.”

सृष्टीचा चेहरा एवढासा झाला. आजीचा त्याहून बारीक झाला, कारण पुन्हा काकडी.

“थांबा, दाजी!” मामा कडाडले. “गुन्हेगार सापडेपर्यंत पुराव्याला कोणी हात लावायचा नाही.” आणि त्यांनी पुराव्याचा एक मोठा तुकडा तोंडात टाकला.

“मामा, तुम्हालाही शुगर आहे,” रोहित म्हणाला.

“ती सावळीरामला. आता मी ड्यूटीवर आहे.”

पहिला संशय स्टीव्हियाच्या बाटलीवर. मामांनी चमचाभर पूड जिभेवर घेतली. त्यांचं तोंड आधी वाकडं झालं, मग फार वेळ तसंच राहिलं. जीभ धुवायला पाणी प्यायले, तर पाणीही गोड. ते ताडकन उठले. “रोहित! टाकीत साखर आहे. सगळ्या गल्लीविरुद्ध कट आहे हा!” रोहित शिडी लावून टाकीवर चढला. टाकीत फक्त पाणी होतं, आणि मागच्या उन्हाळ्यात हरवलेला मामांचा चष्मा होता.

दुसरा संशय दह्यावर. मामा रोहितच्या स्कूटरवर मागे बसून डेअरीत गेले. “दह्यात काय मिसळता?” त्यांनी दरडावून विचारलं. “विरजण,” डेअरीवाला म्हणाला. या उत्तरात मामांना बनेलपणा जाणवला. परत आल्यावर चव ताडून बघण्यासाठी आणखी दोन तुकडे गेले. मग तळाचा भुगा खरंच बदामाचा का, म्हणून एक. कडा आणि मध्य यांत तफावत आहे का, म्हणून एकेक.

“हेतू कोणाला?” मामा येरझारा घालत म्हणाले. “सुनेचं कौतुक झालेलं कोणाला बघवणार नाही? सासूला! उज्वला, तुझे कान दाखव.”

“दादा, लाटणं दाखवू?” रोहितची आई म्हणाली. तो संशय तिथेच संपला.

सृष्टी उठली आणि यंत्र घेऊन आली. “मामा, बोट द्या.”

“माझं? मी तपास अधिकारी आहे.”

“आजींनी एक तुकडा खाल्ला. तुम्ही निम्मा केक खाल्लाय. बोट.”

सुई टोचली. मामांनी जी आरोळी ठोकली ती मनमाडपर्यंत गेली असेल. यंत्रावर आकडा आला एकशे अठ्ठेचाळीस. दुपारी जेवल्यावर होता, तेवढाच.

“म्हणजे केकमध्ये साखर नाही,” रोहित म्हणाला. इतका आनंद त्याला स्वतःच्या लग्नातही झाला नव्हता.

“मला पहिल्या घासालाच कळलं होतं,” मामा म्हणाले. “बाकीचे घास खात्री करायला. आता सगळे इथे बसा. गुन्हेगार याच खोलीत आहे.”

तेवढ्यात शेजारची मीना ओवाळणीचं तबक घेऊन आत आली. “आजी, सकाळी जमलंच नाही बाई.” तिने कुंकू लावलं, ओवाळलं, आजीच्या तोंडात पेढा घातला आणि पाया पडली.

“मीनाताई, जरा सरका, तपासात अडथळा येतोय,” मामा म्हणाले. “तर, गुन्हेगार अत्यंत धूर्त आहे. त्याने सगळ्यांच्या डोळ्यांदेखत...”

“आजी,” सृष्टीने हळूच विचारलं, “आत्ता काय खाल्लंत?”

“पेढा.”

“सकाळपासून किती जणींनी ओवाळलं?”

आजीने कपाळावरच्या डोंगराला हात लावला. “आता काय सांगू? आख्खी गल्ली येऊन गेली. पाया पडायला आलेल्या बाप्यांनी बी घातला.”

उज्वलाने पदराने तोंड झाकलं. सोमनाथ खाली बघायला लागले. पेढ्यांचे बॉक्स त्यांनीच आणले होते आणि पहिला पेढाही त्यांनीच भरवला होता. रोहितने एक भरवला होता. मामांनी तर मोठा मान म्हणून दोन.

“आई, तू नको म्हणायचंस ना!” सोमनाथ म्हणाले.

“ओवाळणाऱ्या बाईला नको म्हणू? अन् मला वाटलं, दिव्याम्होरचं शुगरमदी धरत नसतील.” मग आजीने सृष्टीचा हात धरून तिला जवळ बसवलं. “पेढे मी नुसते गिळले गं. केक चावून खाल्ला. पेढे काय, सगळ्यांसाठी आणलेले व्हते. केक माझ्यासाठी केलाय. मी नसते तर तो झालाच नसता.”

सृष्टीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. सोमनाथ म्हणाले, “ओव्हन राहू दे जागेवरच.” आणि उरलेले पेढे त्यांनी मीनाकडे दिले.

“शुगर उतरली की उद्या एक तुकडा द्या मला,” आजी म्हणाली.

रोहितने फ्रिज उघडला. केकच्या ताटलीत नुसता बदामाचा थोडासा भुगा उरला होता. सगळे मामांकडे वळले. मामा छताकडे बघत, केस सुटल्याबद्दल स्वतःचं मनापासून अभिनंदन करत होते.

त्यांचे दोन्ही कान लालबुंद झाले होते. रोहितने आयुष्यात पहिल्यांदाच, नुसत्या कानांकडे बघून, विनातिकीट प्रवासी ओळखला.

सृष्टी डोळे पुसत उठली. तिने दही फडक्यात बांधलं आणि चक्का टांगायला खुंटी रिकामी नव्हती, म्हणून ते गाठोडं मामांच्या हातात दिलं.