उत्तराआधी उठणाऱ्या विमलमावशी

विमलमावशींनी मला माझं नाव आजवर निदान चारशे वेळा विचारलं असेल. फिनिक्सजवळच्या चँडलरमध्ये आमची घरं शेजारी-शेजारी आहेत. अकरा वर्षं मी दर गुरुवारी त्यांचा कचऱ्याचा डबा माझ्या डब्याबरोबर रस्त्याकडेला नेऊन ठेवतो. तरी सकाळी भेट झाली की त्या थांबतात, चष्म्यावरून बघतात आणि म्हणतात, "नाव काय आपलं?"

"सतीश."

"कुठून आलात?"

"सांगलीहून, मावशी."

"वा, वा. घरी कोण कोण असतं?"

मी "बायको आणि..." एवढं म्हणेपर्यंत मावशी वळून आपल्या गॅरेजमध्ये शिरलेल्या असतात.

पहिली दोन वर्षं मला वाटायचं, बाईंना विसरण्याचा आजार असावा. कसला आजार! दोन वर्षांपूर्वीच्या दिवाळीत माझं ब्लड प्रेशर किती होतं ते त्यांच्या तोंडपाठ आहे, आणि ते त्या चारचौघांत सांगतातही. मावशी भूलतज्ज्ञ होत्या. अडतीस वर्षं फिनिक्सच्या एका हॉस्पिटलात त्यांनी माणसं झोपवली. टेबलावर आणलेला माणूस घाबरलेला असतो, म्हणून त्याला बोलण्यात गुंतवायचं. त्यासाठी हे तीन प्रश्न.

"तिसऱ्याचं उत्तर मी कधी पुरतं ऐकलेलंच नाही रे," त्या एकदा म्हणाल्या. "लोक मधेच झोपतात."

"पण मी जागा असतो, मावशी."

"ते तुझं तू बघ," असं म्हणून त्या निघून गेल्या.

त्यांचं दुसरं पालुपद, तेही भूल देतानाचंच, म्हणजे "दहापासून उलटं मोजा." सिग्नलला गाडी थांबली की त्या मोजणार. कुकरची शिट्टी व्हायची असली की मोजणार. आमच्या मंडळातल्या एका लग्नात मंगलाष्टकं फार लांबली, तेव्हा मावशींनी मागच्या रांगेतून खणखणीत आवाजात "दहा, नऊ, आठ" सुरू केलं. त्यांचं "तीन" झालं आणि भटजींनी गडबडून अंतरपाट खाली घेतला. त्या जोडप्याचा संसार चांगला चालला आहे. मुहूर्ताबद्दल पुढे कोणी काही बोललं नाही.

पण गेल्या नोव्हेंबरात मी कंपनीच्या कामासाठी ॲन आर्बरला निघालो आणि मावशी माझ्याबरोबर आल्या, तेव्हा विमान धावपट्टीवर सुटलं तरी त्यांनी मोजलं नाही. मग माझ्या लक्षात आलं, सप्टेंबरपासून त्यांच्या तोंडून आकडे आलेच नव्हते.

सप्टेंबरात काय झालं ते आमच्या गल्लीत सगळ्यांना ठाऊक होतं. त्यांची एकुलती एक मुलगी मुक्ता ॲन आर्बरला असते, तिथल्या लायब्ररीत काम करते. तिचं बाळ गरोदरपणाच्या सातव्या महिन्यात गेलं. तातडीनं ऑपरेशन करावं लागलं. मावशींनी दोनदा तिकीट काढलं आणि दोनदा कॅन्सल केलं. फोन रोज करत, पण मिनिटभराचा, आणि तोही लोहाच्या गोळ्या, टाके आणि ताप यांच्यावर. शेवटी मुक्ताच म्हणाली होती, "आई, राउंड घ्यायला येणार असशील तर प्लीज येऊ नकोस." हे मावशींनीच मला विमानात सांगितलं आणि लगेच उठून टॉयलेटच्या रांगेत उभ्या राहिल्या.

ॲन आर्बरला बर्फ पडत होता. तोही धड पडत नव्हता, नुसता चिकचिक करत होता. मुक्ताचं घर हॉटेलपासून गाडीनं दहा मिनिटांवर. मावशी पहिल्या दिवशी म्हणाल्या, "आज ती दमली असेल." दुसऱ्या दिवशी म्हणाल्या, "आज मीच दमले." मुक्ताला त्यांनी आपण आल्याचं कळवलंसुद्धा नव्हतं. तिसऱ्या दिवशी मला सुट्टी होती. मी भाड्याच्या गाडीची किल्ली घेऊन खाली आलो तर मावशी काउंटरवरचा एक कागद हातात धरून उभ्या.

"जपानी पुष्परचना. बिगिनर्ससाठी. चर्चच्या तळघरात, अकरा वाजता. चल."

"मावशी, तुम्ही फुलांसाठी आलात का इथे?"

"नाव काय आपलं?" त्या म्हणाल्या. काही टाळायचं असलं की त्या हेच करतात.

मला राग आला होता, खोटं कशाला बोलू. सांगलीत आमची आजी फुलं मुडपून देवाला वाहायची, यापलीकडे मला फुलातलं काही कळत नाही. त्या तळघरात आम्ही सहा जण होतो. प्रत्येकापुढे एक पसरट थाळी, तिच्यात खिळे वर केलेली एक जड चकती, शेवंतीची तीन फुलं आणि एका झुडपाची लालभडक, निष्पर्ण फांदी. शिकवणाऱ्या मिसेस हायाशी ऐंशीच्या घरातल्या, जन्म इथलाच, आयुष्यभर शाळेत गणित शिकवलेलं. त्यामुळे त्यांचा आवाज गोड वगैरे मुळीच नव्हता.

त्यांनी पहिल्यांदा बादली पुढे ओढली. देठ पाण्यात बुडवून पाण्याखालीच कापायचा, म्हणाल्या, नाहीतर आत हवा शिरते आणि फूल मान टाकतं.

"अगं बाई, शिरेत हवा! एअर एम्बोलिझम!" मावशी एवढ्या जोरात ओरडल्या की शेजारच्या बाईची कात्री पडली. "सतीश, ही तर आपल्यातलीच निघाली!"

पुढे विचारूच नका. मावशींनी बाह्या सरसावल्या. एकेक शेवंती हातात घेऊन त्यांनी तिला कुठून आलात, घरी कोण असतं ते विचारलं, कचकन देठ कापला आणि खिळ्यांत रोवला. चार मिनिटांत त्यांची थाळी झाली. मग माझी केली. माझी शेवंती आडवी पडली होती, तिला त्या "हा पेशंट उशिरा आणला" म्हणाल्या. मग उरलेल्या चौघांच्या थाळ्यांकडे गेल्या. त्या लोकांनी कात्र्या छातीशी धरल्या तरी उपयोग झाला नाही.

मिसेस हायाशी मावशींच्या थाळीपाशी येऊन उभ्या राहिल्या. ती लाल फांदी खिळ्यांवर फिरून भिंतीकडे तोंड करून बसली होती. मावशींनी येऊन ती सरळ केली आणि पुन्हा दुसऱ्याच्या थाळीकडे निघाल्या. फांदी पुन्हा फिरली.

"तुम्ही तिला लावता आणि निघून जाता," मिसेस हायाशी म्हणाल्या. "लावल्यावर ती थोडी हलते, मग आपली जागा धरते. तोवर बसा."

"किती वेळ?"

"ते तिला ठरवू द्या."

मावशी बसल्या. मांडीवर हात, नजर फांदीवर. मला वाटलं, आता उठतील, मग उठतील. त्या उठल्या नाहीत. मला एकदम आठवलं, या बाई पाच-पाच तास पेशंटच्या उशाशी बसून त्याचा श्वास मोजत आलेल्या आहेत. बसायला त्यांना येतं, पण ते झोपलेल्या माणसाजवळ. जागं माणूस दिसलं की त्यांना पळ काढावासा वाटतो, आणि त्या फार हुशारीनं पळतात. अकरा वर्षं मी त्याला विनोद समजत होतो.

"सतीश," त्या फांदीकडे बघतच हळू म्हणाल्या, "मुक्ता मला फोनवर म्हणाली, आई, त्यांनी मला दहापासून उलटं मोजायला सांगितलं. मी सातपर्यंत आले आणि मला वाटलं, तूच आहेस."

मी हातातली कात्री खाली ठेवली.

"मी फोन ठेवला रे. ती पुढे काहीतरी सांगत होती. मी ठेवला."

फांदी केव्हाच थांबली होती. मग मावशींनी थाळीतलं पाणी ओतून टाकलं, ती थाळी मिसेस हायाशींकडे चक्क मागून घेतली, आणि मला म्हणाल्या, "गाडी काढ."

मुक्तानं दार उघडलं. अंगात नवऱ्याचा स्वेटर, केस न विंचरलेले. तो कामाला गेला होता. आईला बघून ती रडली नाही, चिडलीही नाही. नुसती बाजूला झाली.

"फ्लॉवर्स," ती म्हणाली. "सगळे फ्लॉवर्सच आणतात."

"मी केलंय. वाकडं झालंय."

"हो, इट्स क्रुकेड."

मावशी सोफ्याच्या कडेला बसल्या, थाळी मांडीवर. मी स्वयंपाकघराच्या दाराशी उभा राहिलो. निघावं असं फार वाटत होतं, पण गाडी माझ्याकडे होती. मावशींनी सुरुवात केली. लोहाच्या गोळ्या चालू आहेत ना, टाके दुखतात का. मुक्ता "फाइन, फाइन" म्हणत खिडकीबाहेर बघू लागली. मग ते झालंच. मावशी उठल्या, पर्स खांद्याला लावली, म्हणाल्या, "बरं, तू आराम कर."

उठताना थाळी कलली आणि फांदी फिरली. मावशी तिच्याकडे बघत राहिल्या. मग पर्स काढून पुन्हा बसल्या, या वेळी सोफ्यात पुरत्या मागे सरकून.

"नाव काय?" त्यांनी विचारलं.

"व्हॉट?"

"तिचं. नाव काय ठेवलं होतंस?"

मुक्तानं मान वळवली. "ईरा," ती म्हणाली. थोड्या वेळानं म्हणाली, "नोबडी आस्क्ड. तू पहिली."

"ईरा," मावशी म्हणाल्या. पेशंटच्या हातावरची पट्टी वाचून खात्री करून घ्यावी तसं त्यांनी ते म्हटलं.

मग मुक्ता बोलू लागली. अर्धं मराठीत, अर्धं इंग्लिशमध्ये, मागचं पुढे, पुढचं मागे. बाळाला कपाळावर खूप केस होते. नर्सनं विणलेली टोपी घातली होती, ती मोठी होत होती. आजोबांसारखे कान होते. मावशींचे यजमान जाऊन सहा वर्षं झाली. कानांचं ऐकून त्यांनी डोळे मिटले, पण त्या जागच्या हलल्या नाहीत. माझ्या बुटांवरचा बर्फ वितळून फरशीवर पाणी झालं. बाहेर अंधारायला लागलं आणि दिवा लावायचं कुणाला सुचलं नाही.

एका ठिकाणी मुक्ताचं वाक्य अर्ध्यातच थांबलं. मी सवयीनं खिशातली किल्ली चाचपली. आता मावशी उठणार, मला खात्री होती.

मावशी थोड्या पुढे सरकल्या आणि म्हणाल्या, "मग?"