सामान राह्यलं!

चालत्या गाडीच्या खिडकीतून कुणी चिप्सची रिकामी पुडी बाहेर फेकली, तर तुम्ही-आम्ही काय करतो? तोंड वाकडं करतो, "लोकांना अक्कलच नाही" म्हणतो आणि आपल्या वाटेने जातो. आमचे नगराळे काकाजी ती पुडी उचलतात आणि गाडीच्या मागे धावत सुटतात.

"ओ साहेब! थांबा! सामान राह्यलं! तुमचं सामान राह्यलं!"

गाडीवाला घाबरून ब्रेक मारतो. त्याला वाटतं डिकी उघडी राहिली, बॅग पडली, निदान पाकीट तरी पडलं. तो काच खाली करेपर्यंत काकाजी धापा टाकत पोचलेले असतात. दोन्ही हातांनी, प्रसाद द्यावा तशी, ते ती पुडी आत देतात. चेहऱ्यावर रागाचं नाव नाही. "तुमचीच हाय ना? पाहून घ्या. मंग म्हनसान कुठं पडली." माणूस इतका गोंधळतो की चक्क "थँक्यू" म्हणतो. गाडी पुढे निघून गेल्यावर त्याच्या डोक्यात उजेड पडत असावा.

बोरगाव मेघेत आम्ही समोरासमोर राहतो. काकाजी एसटीतून कंडक्टर म्हणून निवृत्त झाले. सगळी नोकरी उभ्याने केली, त्यामुळे बसणं हा प्रकार त्यांच्या अंगात मुरलाच नाही. चहा उभ्याने पितात. पेपर अंगणात फेऱ्या मारत वाचतात आणि एक बातमी संपायच्या आत दुसरी धरतात. घरातल्या खुर्च्या पाहुण्यांसाठी. कुणी "बसा ना काकाजी" म्हटलं की उत्तर ठरलेलं: "बसलो का मानूस गंजते." काकी गेल्यापासून तर ते घरात टिकतच नाहीत. सकाळी पवनारला दिसतील, दुपारी जामला, आणि संध्याकाळी तुम्ही भाजी घेत असाल तर मागून आवाज येईल, "पुढं सरका, पुढं सरका."

हे "पुढं सरका" त्यांच्या तोंडातून कुठेही निघतं. राशनच्या रांगेत, लग्नाच्या पंगतीत, दवाखान्यात. एकदा आमच्या गल्लीतल्या एका म्हाताऱ्या गृहस्थांच्या मयतीला लोक स्मशानाच्या फाटकापाशीच दाटीने उभे होते. काकाजी मागून आले आणि सवयीने ओरडले, "पुढं सरका भाऊ, पुढं लय जागा हाय!" एकही माणूस पुढे सरकला नाही.

जामचा चौक म्हणजे त्यांची खरी कर्मभूमी. तिथे महामार्गावरच्या गाड्या चहाला थांबतात, लोक उतरतात, खातात, पितात आणि हातातलं सगळं तिथेच सोडून पुन्हा गाडीत बसतात. एकदा एका नवरदेवाची गाडी थांबली. नवरदेवाने फेट्यासकट डोकं खिडकीबाहेर काढलं आणि चहाचा प्लास्टिकचा कप रस्त्यावर टाकला. काकाजींनी तो उचलला, उरलेला घोट झटकला आणि नवरदेवाच्या मांडीवर ठेवला. "शुभकार्याले निघाले बाप्पा. आज सामान विसराची सवय लागली, तर उद्या नवरी विसरसान." वऱ्हाडातल्या बायका हसून हसून लोटपोट. नवरदेव मात्र तो कप हातात धरून लग्नाला गेला.

दरवेळी असं हसण्यावारी जात नाही. एका हवालदाराने खर्रा तोंडात टाकून पन्नी खाली सोडली. सुपारी-तंबाखू ज्या पन्नीत घोटतात ती पन्नी आमच्याकडे गवतापेक्षा जास्त उगवते. काकाजींनी ती उचलून त्याच्या खिशात घातली. हवालदाराने त्यांना चौकीत नेलं. मी सोडवायला गेले आणि विचारलं, "किती वेळ बसवून ठेवलं काकाजी?"

"बसवून कायले? उभाच होतो मी."

मी एकदा त्यांना म्हटलं की पुडी परत दिली तरी तो माणूस पुढच्या वळणावर फेकणारच. मग उपयोग काय? तर त्यांनी मला नालीकडे बोट दाखवलं. तिथे एक पन्नी हळूहळू वाहत चालली होती. काकाजी गाडीचा मार्ग सांगावा तसे सुरू झाले. "हे पाहा मॅडम. इथून नालीनं निंघाली. मंग धाम नदी. धाममधून वणा, वणेतून वर्धा, मंग वैनगंगेची भेट, मंग प्राणहिता, मंग गोदावरी. लास्ट स्टॉप समुद्र. एवढा लंबा प्रवास, अन् बिनातिकीट! मी कंडक्टर हावो. मले हे पाह्यवत नाई."

त्यांना एक मुलगा आहे, सिद्धार्थ. गुजरातेत कंपनीत आहे. कसली कंपनी, असं विचारलं की काकाजी म्हणत, "मोठी." यापुढे त्यांचा विषय सरकत नसे. वरच्या मजल्यावर सिद्धार्थने दोन खोल्या बांधल्या होत्या. त्या बंद असत. तो मागच्या वर्षी येऊन गेला, तेव्हा ठरल्यापेक्षा एक दिवस आधीच सकाळी बॅग घेऊन निघालेला मी पाहिला होता. कंपनीतून बोलावणं आलं असेल, असं मला वाटलं.

केळझरच्या पुढे एका गावात माझी शाळा आहे. आम्ही प्लास्टिकमुक्तीचा कार्यक्रम घ्यायचं ठरवलं आणि प्रमुख पाहुणे कोण, असा प्रश्न आला. मी उत्साहाने काकाजींचं नाव सुचवलं. मुख्याध्यापकांनी त्यांचा गाडीमागे धावतानाचा व्हिडिओ पाहिला होता. ते म्हणाले, "वा! प्लास्टिकचा एवढा कट्टर शत्रू जिल्ह्यात दुसरा मिळणार नाही."

काकाजी पांढरा शर्ट घालून, केसांना तेल लावून आले. मंचावर खुर्ची होती. तिच्या पाठीला हात टेकवून उभे राहिले. मागे "प्लास्टिक हटवा" असं लिहिलेला भलामोठा फ्लेक्स. समोर पाण्याच्या बाटल्या. मुख्याध्यापकांनी त्यांना चकचकीत प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला पुष्पगुच्छ दिला. काकाजींनी तो घेतला, फुलं तेवढी हातात ठेवली आणि वेष्टन अलगद सोडवून मुख्याध्यापकांना परत केलं. "सर, सामान राह्यलं." सगळं पटांगण हसलं. मुख्याध्यापकही हसले. मला वाटलं, कार्यक्रम जमला.

मग मुलांनी प्लास्टिकचा राक्षस आणला. बांबूच्या सांगाड्यावर पुड्या, पन्न्या, दुधाच्या पिशव्या बांधल्या होत्या. बाटल्यांचे दात होते. सरांनी इशारा करताच मुलांनी त्याला चपलांनी मारायला सुरुवात केली. मुलंच ती, त्यांना रंग चढला. "मारा! फोडा!" असा गलका झाला. मी काकाजींकडे पाहिलं. त्यांचं हसू गेलं होतं. ते मंचावर या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझाऱ्या घालायला लागले. एकदा पायरीपर्यंत जाऊन परत आले.

शेवटी शपथ होती. मुलांनी हात पुढे केले. सरांनी काकाजींच्या हातात कागद दिला आणि माईक समोर आणला. त्यांनी मोठ्याने वाचायचं आणि मुलांनी मागून म्हणायचं. काकाजींनी कागद डोळ्यांजवळ नेला. ओठ हलवत तो मनातल्या मनात वाचला. मग ते म्हणाले, "हे मी नाई म्हनत."

सरांना वाटलं चष्मा विसरले. त्यांनी कानाशी जाऊन वाक्य सांगितलं, "प्लास्टिक हा मानवजातीचा शत्रू आहे आणि ते बनवणारे..."

"मले वाचता येते सर. फेकू नका, हे मी सांगतो. गाईच्या पोटात जाते, नदीत जाते, हेही सांगतो. पन बनवनाऱ्याले शत्रू मी नाई म्हनत."

कागद खुर्चीवर ठेवून ते मंचावरून उतरले आणि फाटकाबाहेर चालू लागले. मुलांना हात खाली घ्या असं कुणी सांगितलंच नाही, त्यामुळे ती बिचारी तशीच हात पुढे करून उभी. सरांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मीच तो राक्षस. "मॅडम, हे काय?" मी काकाजींच्या मागे धावले.

ते फाट्यावर सापडले. एसटी यायची होती. कडुलिंबाच्या सावलीत उभे न राहता ते उन्हात फेऱ्या मारत होते.

"काकाजी, असं काय केलं? मी तुमचं नाव दिलं होतं."

"चुकलं माह्यं. तुमचं नाव खराब झालं." ते थांबले, पुन्हा चालायला लागले. मला त्यांच्याबरोबर चालावं लागलं. "सिद्धू काय करते, तुमाले माहीत नाई. दाणा बनवते. साबुदाण्यावानी पांढरा दाणा येते त्या कंपनीतून. तोच वितळवून पुड्या, पन्न्या, बाटल्या, सारं होते. साऱ्या देशात जाते. परदेशात जाते म्हनते तो."



"मागल्या साली आलता. जेवाले बसलो होतो. माहा साळा आलता, त्याच्यासमोर मी माह्या तोऱ्यात. म्हटलं, हे प्लास्टिक बनवनाऱ्याईले भर चौकात फोडून काढलं पाह्यजे. बोलताना ध्यानातच नाई राह्यलं का पोरगा बाजूले बसून हाय." त्यांनी रस्त्याकडे पाहिलं. गाडीचा पत्ता नव्हता. "त्यानं घास खाली ठेवला. म्हने, मंग मले फोडा बाबा. वरच्या खोल्या त्या प्लास्टिकच्याच पैशाच्या हायेत. तुमच्या डोळ्याचं ऑपरेशन त्याच्यातच झालं. आवाज चढवला नाई त्यानं. सकाळी उठला अन् गेला."

"नंतर बोलणं नाही?"

"हाय ना. दर रविवारी फोन येते. बरं हाय काय? बरं हाय. तिकडे बरं हाय काय? बरं हाय. झालं."

"मग तुम्ही हे गाड्यांमागे धावणं अजून कशाला करता?" मी विचारलं. "मी तर समजत होते, तुम्हाला प्लास्टिकचा राग आहे."

काकाजींना माझा प्रश्न विचित्र वाटला असावा. ते फेऱ्या थांबवून स्थिर उभे राहिले.

"राग होता. पहिले होता. आता पुडी पडली का मले वाटते, त्यानं पाळी करून बनवली असन. रातपाळी असन. भट्टीवानी गरम असते तिथं. अन् हे लोक दोन मिनिटात खाऊन गाडीखाली फेकून देतेत. कोनाची मेहनत हाय ना ते?" मग म्हणाले, "त्याच मेहनतीनं गाय मरते, हेही मले दिसते मॅडम. मी काय आंधळा नाई. मंग मी कोनाले काय म्हनू, तुमीच सांगा. म्हनून गाड्याईमागं पयतो."

एसटी आली. आत बऱ्याच जागा रिकाम्या होत्या. मी बसले, ते दांडा धरून उभे. थोड्या वेळाने खाली वाकून हळूच म्हणाले, "पुडी कुठं भरली, हे पुडीवर लिवलेलं असते. दाणा कुठून आला, हे नसते लिवलेलं काय? मी लय पाहतो."

"नसतं काकाजी."

"नसनच."

मी म्हटलं, "त्याला फोन लावा."

"आज काय रविवार हाय?"

"लावा तर."

त्यांनी खिशातून फोन काढला, परत ठेवला, परत काढला. त्यांच्या फोनचा आवाज सगळ्या गाडीत सांडतो, त्यामुळे मला कान देण्याची गरज पडली नाही.

"बाबा? काय झालं? तब्येत बरी हाय ना?"

"बरी हाय."

"मंग आज फोन कसा काय?"

"असाच. तुह्या तिथं लय गरम होत असन."

"होते थोडं."

"पानी पीत जाजो."

"हाव." तेवढ्यात आमची गाडी खड्ड्यात आदळून खडखडली. "तुमी कुठं आहा बाबा? आवाज कायचा येऊन राह्यला?"

"एसटीत. समोरच्या मॅडमच्या शाळेत गेलतो. भाषनाले बोलावलं होतं. प्लास्टिकचा कार्यक्रम होता."

 काकाजींनी दांड्यावरची मूठ आवळली. "सिद्धू, मी तुह्याविरुद्ध काई बोललो नाई बापा."

फोन कापला गेला की काय, असं मला वाटलं. काकाजींनी तो कानापासून दूर धरून पाहिला आणि पुन्हा कानाला लावला. मग सिद्धार्थचा आवाज आला.

"जेवले काय तुमी?"

"नाई अजून. घरी जाऊन जेवन."

"मंग जेवा. अन् जेवन झालं का मले परत फोन लावा."

"आज रविवार नाई ना पन."

"लावा म्हटलं ना, बाबा."