आसुटकरांच्या टीव्हीचा अंधार

दौलत आसुटकरांच्या टीव्हीने एचडीआर चालू करण्यापूर्वी घरातल्या माणसांनी पाहिलेला सगळ्यात गडद अंधार आणि सगळ्यात लख्ख उजेड प्रत्यक्ष दाखवावा, अशी अट घातली. अट रास्त होती. एचडीआर म्हणजे काळं खरोखर काळं आणि उजळ खरोखर उजळ दाखवण्याची सोय. जे आपण पाहिलंच नाही ते दाखवणार कसं, असं टीव्हीचं म्हणणं होतं आणि ते पडद्यावर स्वच्छ मराठीत लिहून आलं होतं.

दौलतराव वणीजवळच्या एका खाणवस्तीत राहत. एकतीस वर्षं कोळशाच्या भूमिगत खाणीत नोकरी करून ते निवृत्त झाले होते. बायको वच्छला आणि ते, दोघंच घरात. मुलगी प्रणिता पुण्याला नोकरीला. तीन वर्षांपूर्वी तिचं लग्न मोडलं, आणि त्यानंतर फोनवर तिचं बोलणं फार आखडलं. "जेवली का?" "जेवली." "बरी आहेस?" "बरी आहे." यापुढे गाडी जात नसे. मग गेल्या दिवाळीत तिनेच घरी गेम खेळायचं यंत्र पाठवून दिलं आणि म्हणाली, "बाबा, आपण दर रविवारी अकरा वाजता खेळू."

खेळ साधा होता. दोन वाटसरू, दोघांच्या हातात कंदील, आणि एका डोंगरातून पार व्हायचं. एक वाटसरू प्रणिता पुण्याहून चालवी, दुसरा दौलतराव खाणवस्तीतून. गंमत अशी की खेळताना ती बोलत असे. डावीकडे वळता वळता ऑफिसातलं सांगे, दगडावर चढता चढता घरमालकिणीचं सांगे. तासभर पोरीचा आवाज घरात भरून राही. वच्छलाबाई तांदूळ निवडायचं ताट घेऊन शेजारी बसत आणि मध्ये अक्षरही बोलत नसत.

अडचण डोंगराच्या पोटात गुहा लागली तेव्हा सुरू झाली. टीव्हीवर गुहा नुसती राखाडी दिसे. भिंत राखाडी, वाट राखाडी, खड्डाही राखाडी. दौलतराव त्याच एका खड्ड्यात चार रविवार पडत राहिले. प्रणिता पलीकडे कंदील धरून थांबे. चौथ्या रविवारी ती म्हणाली, "राहू द्या बाबा. आज थकली मी." वीस मिनिटांत आवाज बंद झाला.

"पोरगी कंटाळली," दौलतराव म्हणाले.

"तुमाले खड्डा दिसत नाही, त्याले ते काय करन?" वच्छलाबाई म्हणाल्या. "पोरगी ते काय चालू कराले सांगत होती, ते करा ना."

म्हणून दौलतरावांनी सोमवारी सेटिंगमध्ये जाऊन एचडीआरवर बटण दाबलं, आणि अट समोर आली. तिच्याखाली बारीक अक्षरात एक टीप होती: अंधार आणि उजेड एकाच सदस्याचे चालणार नाहीत.

आधी त्यांनी सोपा मार्ग धरला. टीव्ही टेबलावरून उतरवून गोधड्यांच्या कपाटात ठेवला, दार लावलं, पाच मिनिटांनी काढून परत जोडला. पडद्यावर आलं: "अंधार अपुरा. दाराच्या फटीतून स्वयंपाकघर दिसते." मग विहिरीत दोर बांधून सोडावा असा विचार झाला, पण वच्छलाबाईंनी तो हाणून पाडला.

"तुमाले ठाऊक हाय कुठं न्या लागते ते," त्या म्हणाल्या. "उगाच कपाटं कायले उघडता?"

दौलतरावांना ठाऊक होतंच. दुसऱ्या दिवशी त्यांनी खाणीच्या कार्यालयात अर्ज दिला.

खाण अजून चालू होती, जुना भाग तेवढा बंद पडला होता. सुरक्षा अधिकारी देरकर म्हणून होते. त्यांनी अर्ज दोनदा वाचला.

"टीव्ही कामगार म्हणून जाणार की पाहुणा म्हणून?"

"पाहुणा," दौलतराव म्हणाले.

"मग बरोबर घरचं कुणी लागेल. तुम्ही वाट दाखवणारे, तुम्हाला पाहुण्यावर लक्ष ठेवता यायचं नाही."

"मी जातो," वच्छलाबाई म्हणाल्या. एकतीस वर्षं त्यांनी नवऱ्याचा डबा भरला होता, पण खाणीचं तोंड फाटकाबाहेरूनच पाहिलं होतं.

गुरुवारी सकाळी दहाला तिघांना पितळी बिल्ले मिळाले. वर येताना बिल्ला परत करायचा, म्हणजे कुणी खाली राहिलं तर कळतं. टीव्हीचा बिल्ला सुतळीने त्याच्या पायाला बांधला. देरकरांनी तिघांनाही रीतीप्रमाणे विचारलं, "काडीपेटी, विडी, मोबाईल?" टीव्हीकडे काही नव्हतं. "खाली कुठल्याही परिस्थितीत चालू व्हायचं नाही," त्यांनी त्याला बजावलं. टीव्हीचा कोपऱ्यातला तांबडा दिवा विझला. तो वीज नसतानाही का जळत होता आणि आता कसा विझला, हे देरकरांनी विचारलं नाही. त्यांनी नोंदवहीत सही घेतली, दौलतरावांची.

पाळीवरच्या दोन कामगारांनी टीव्ही गोधडीत गुंडाळून उचलला. उतार लांब होता. दौलतरावांचे गुडघे बोलत होते, पण पाय वाट विसरले नव्हते. वच्छलाबाईंनी एका हाताने त्यांचा पट्टा धरला होता आणि दुसऱ्या हाताने डोक्यावरची टोपी. टोपीवरचा दिवा त्यांच्या मानेबरोबर डुलत होता.

"एवढं चालत जा रोज?" त्यांनी विचारलं.

"हे तं तोंडच हाय. काम पुढं."

जुन्या भागाच्या अलीकडे एक रुंद जागा होती. कामगारांनी टीव्ही भिंतीला टेकवून उभा केला, गोधडी काढली, आणि रीतीप्रमाणे हाकेच्या अंतरावर वळणापलीकडे जाऊन बसले. दौलतरावांनी आपला दिवा विझवला, मग बायकोचा.

त्या अंधाराला सवय होणं नव्हतं. वच्छलाबाईंनी वाट पाहिली, पण काहीच दिसू लागलं नाही. कुठेतरी पाणी ठिबकत होतं. त्यांनी हात पुढे केला तर नवऱ्याचा खांदा लागला. त्याखालचा हात वर, डोळ्यांपाशी गेला होता.

"काय झालं?"

मग दौलतराव म्हणाले, "चौऱ्याण्णव साली छत पडलं होतं. इथंच. मी आन् माहा जोडीदार पेंदोर, दोघं आत राहिलो. सोळा घंटे."

"कवा?"

"प्रणिता दुसरीत होती तवा. तुले सांगितलं, डबल ड्यूटी होती."

वच्छलाबाईंनी खांदा सोडला नाही.

"दिवे अकरा घंट्यांत संपले. मंग डोळे उघडे हायेत का बंद, तेच समजे ना. मी बोटानं पापण्या चाचपून पाहो. पेंदोर म्हणे, दौलत, तू हायस का? मी म्हणो, हाय. मंग मी इचारो, तू हायस का? रातभर हेच." ते थांबले. "तुले कायले सांगू? तू दुसऱ्या दिवशी मले जाऊच नसतं देलं."

"नसतंच देलं."

"मंग."

पाणी ठिबकत राहिलं. टीव्ही आपल्या जागी निमूट उभा होता.

"त्या दिवशी मी भाजी दोनदा गरम केली," वच्छलाबाई म्हणाल्या. "तुमी आले, आंघोळ केली, आन् न जेवता झोपले. मले राग आला होता. दोन दिवस बोलली नाही मी तुमच्याशी."

"कायची भाजी होती?"

"वांग्याची."

मग त्यांनी अंधारात हात वर नेला, नवऱ्याचा गाल सापडला, नाक सापडलं. दोन्ही पापण्यांवरून त्यांनी हलकेच बोटं फिरवली.

"उघडे हायेत," त्या म्हणाल्या.

घरी येऊन टीव्ही जोडला तेव्हा पडद्यावर आलं: "अंधार पुरेसा. नोंदवला. सदस्य: दौलत. आता उजेड." तिन्ही बिल्ले देरकरांकडे वेळेत जमा झाले होते, त्याबद्दलही एक ओळ होती.

उजेड वच्छलाबाईंनी दाखवायचा होता. त्यांना वाटलं, हे सोपं. वस्तीपासून जवळच चुन्याच्या भट्ट्या होत्या. भर दुपारी तिथल्या पांढऱ्या ढिगाऱ्यांकडे पाहवत नाही, डोळ्यांतून पाणी येतं. शुक्रवारी टेम्पो करून त्यांनी टीव्ही तिथे नेला आणि बारा वाजता ढिगासमोर उभा केला. स्वतः पदर डोळ्यांवर घेऊन बसल्या.

संध्याकाळी पडद्यावर आलं: "उजेड भरपूर. परंतु सदस्याचा नाही. हा कुणाचाही असू शकतो."

"आता माहा उजेड म्हणजे कोणता?" वच्छलाबाई वैतागून म्हणाल्या. "मी काय खाणीत गेली, का डोंगरावर? चुलीपाशी जलम गेला माहा."

त्या रात्रभर चिडलेल्याच होत्या. दौलतराव मध्ये पडले नाहीत. शनिवारी सकाळी कणीक मळता मळता वच्छलाबाईंचा हात थांबला. त्यांनी हात धुतले, लुगडं बदललं आणि म्हणाल्या, "टेम्पो बोलवा. दवाखान्यात जाऊ."

"कोणाले काय झालं?"

"कोणाले काही नाही. प्रणिता चार दिवसांची असताना पिवळी पडली होती, आठवते? त्या निळ्या दिव्याखाली ठेवली होती. डोळ्यांवर पट्टी बांधून, उघडी. तुमी पाळीवर होते. मी तीन दिवस त्या दिव्याकडं पाहत बसली. सिस्टर म्हणे, बाई नका पाहू, डोळे दुखतीन. मी म्हणो, दुखू द्या. तो दिवा बंद झाला तं पोरीचं काय होईन, हेच माह्या मनात." त्यांनी पदर खोचला. "तसा उजेड मी मंग नाही पाहिला."

दवाखान्यात नवजात बाळांच्या खोलीत एक सिस्टर ड्यूटीवर होती. तिने सगळं ऐकून घेतलं. "दहा मिनिटं," ती म्हणाली. "आणि आधी पुसून घ्या." टीव्ही औषधी पाण्याने दोनदा पुसला गेला. दिव्याखाली एक बाळ होतं, डोळ्यांवर पट्टी, मुठी घट्ट. शेजारी बाकावर त्याची आई बसली होती, केस विस्कटलेले, डोळे सुजलेले. वच्छलाबाईंनी तिला विचारलं, "पोरी, हा इथं दहा मिनिटं उभा राहिला तं चालन?"

"दिवा तर कमी नाही ना होणार?" तिने विचारलं.

"नाही होत. तो फक्त पाहते."

तिने मान डोलावली. टीव्ही पाळण्याच्या पायथ्याशी उभा राहिला. वच्छलाबाई त्या मुलीजवळ बाकावर बसल्या आणि तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या. दहाची पंधरा मिनिटं झाली तरी सिस्टर आत आली नाही.

घरी आल्यावर टीव्हीने फार वेळ घेतला नाही. "उजेड नोंदवला. सदस्य: वच्छला. एचडीआर चालू."

रविवारी अकरा वाजता प्रणिता खेळात आली. "बाबा, आज तरी येतो का तो खड्डा पार करता?" तिच्या आवाजात उत्साह नव्हता.

गुहा आता राखाडी नव्हती. ती काळी होती, जशी असायला हवी तशी, आणि म्हणून तिच्यातला कंदिलाचा एवढासा उजेडही कामाला येत होता. खड्ड्याची कड स्पष्ट दिसत होती. दौलतरावांनी वाटसरूला थांबवलं, बाजूने नेलं, पलीकडे उभं केलं. प्रणिताचा वाटसरू तिथेच होता. त्याच्या कंदिलाची ज्योत निळसर होती.

"पोचले की!" प्रणिता हसली. किती दिवसांनी हसली. "काय केलं तुम्ही?"

दौलतरावांनी सांगितलं. खाणीचं सांगताना ते अडखळले, तेव्हा पुढचं वच्छलाबाईंनी सांगितलं. दवाखान्याचं सांगताना वच्छलाबाई अडखळल्या, तेव्हा ते दौलतरावांनी पुरं केलं. दोन्ही वाटसरू गुहेत नुसते उभे होते.

"बाबा," प्रणिता म्हणाली, "माझ्या टीव्हीनं पण विचारलं होतं. दोन वर्षं झाली. मी 'नंतर' दाबलं."

"काऊन?"

"उजेडाचं जमेल. पण अंधार..." ती थांबली. "माझ्या ऑफिसात जिन्याखाली एक जागा आहे. झाडू ठेवतात तिथे. ते सगळं झालं त्या वर्षी मी रोज दुपारच्या सुट्टीत तिथे जाऊन बसायची. डबा खायला नाही, बाबा. नुसती बसायची. कुणाला माहीत नाही." तिने श्वास घेतला. "तिथे टीव्ही एकटीनं नेववत नाही मला."

दौलतरावांनी आपल्या वाटसरूला दोन पावलं पुढे नेऊन मुलीच्या वाटसरूजवळ उभं केलं, कारण तेवढंच हातात होतं.

"आमी येतो," ते म्हणाले. "मंगळवारी निघतो. परवानगी लागन ना? अर्ज मी लिहितो. मले आता जमते."

"अहो बाबा, एवढ्या लांबून..."

वच्छलाबाईंनी तांदळाचं ताट खाली ठेवलं आणि टीव्हीजवळ सरकल्या. आजवर त्यांनी खेळाच्या मध्ये पोरीला काही विचारलं नव्हतं.

"त्या जिन्याखाली बसाले जागा किती हाय गं?"

"एका माणसापुरती आहे, आई."

"बरं," वच्छलाबाई म्हणाल्या. "मंग सरकून बसू."