मौनमणी आणि सासऱ्यांचं घोरणं

"राजमणिकाराची पगडी आपलीच! कुणाशीही पैज लावायला तयार आहे!" असं मणिकार उठता-बसता बायकोला सांगायचा, आणि बायको "हो का?" एवढंच म्हणून कामाला लागायची.

बढाईला कारण होतं. धुक्याच्या डोंगराच्या पोटात पिढीतून एखादाच मौनमणी सापडतो, आणि तो पैलू पाडायला ह्याच्या हाती आला होता! मौनमणी उशाशी घेऊन झोपलं की कुठलाही आवाज आपल्या कानापर्यंत पोचत नाही. मणी तो वाटेतच गिळतो. बाकीच्यांना सगळं ऐकू येतं, आपल्याला मात्र चिडीचूप!

मणी हवा होता राणीसाहेबांना. राजेसाहेब गेल्यापासून बाईंचा डोळ्याला डोळा लागत नव्हता. वैद्यांनी सांगितलं, शांतता हवी. म्हणून घोड्यांचे घुंगरू काढले, फेरीवाले वेशीबाहेर घालवले, राजवाड्याच्या छपरावरचा म्हातारा ड्रॅगन खोकतो म्हणून त्याचीही पलीकडच्या डोंगरावर बदली झाली. झोप काही आली नाही. आता सगळी भिस्त मण्यावर.

"गुण आला तर पगडी तुझी," कारभाऱ्यांनी बजावलं होतं, "नाही आला तर तुझ्या कारखान्याला कुलूप!"

मणिकाराची अडचण एकच. स्वतःचीच झोप! सासरे त्याच्याकडे राहायला आले होते, आणि सासरे घोरायचे. म्हणजे असं मणिकाराचं म्हणणं. जरा डोळा लागतोय तोच घर्रर्र! हा दचकून जागा व्हायचा, आणि म्हातारा असा बेरकी, की हा जागा होताच घोरणं बंद! दिवसभर मग हात थरथरायचे. थरथरत्या हातानं पैलू पाडायला जावं तर मण्याचा चुराच व्हायचा.

"बाबांना मागच्या खोलीत हलवू या," तो म्हणाला.

"बाबा घोरत नाहीत," बायको म्हणाली.

"मग काय मी घोरतो?"

बायकोनं त्याच्याकडे नुसतं पाहिलं आणि भांडी घासायला घेतली.

शेवटी त्यानं नको ते केलं. कारखान्यातून मणी गुपचूप घरी आणला आणि उशीखाली ठेवून झोपू लागला. काय ती झोप! हात स्थिर झाले, एकेक पैलू असा पडला की बघणाऱ्यानं तोंडात बोट घालावं.

नियम मात्र एक होता. गिळलेला आवाज मण्याच्या पोटात साठून राहतो आणि घासल्यानं किंवा हिंदकळल्यानं काही होत नाही, पण वरून टिचकी बसली की भसाभस बाहेर येतो. म्हणून मणी देण्याआधी ओसाड माळावर न्यायचा, टिचकी मारायची आणि रिकामा करायचा. मणी द्यायच्या दिवशी मणिकार पहाटे उठून ते करणारच होता! पण उशीखाली मणी. बायकोनं मारलेल्या हाका मण्यानंच गिळल्या. अखेर तिनं तोंडावर तांब्याभर पाणी ओतलं, तेव्हा दारात राजवाड्याची गाडी उभी होती.

"म्हाताऱ्याचं घोरणं ते, असून असून किती असणार!" अशी मनाची समजूत घालत तो गाडीत चढला. बोलावणं सहकुटुंब होतं, त्यामुळे मागून बायको आणि सासरेही चढले.

दरबार गच्च भरला होता, पण कुणी शिंकत नव्हतं. शिंकायला बंदी होती. राणीसाहेब सिंहासनावर ताठ बसलेल्या, डोळे लालबुंद. कारभाऱ्यांनी मणी चांदीच्या कोंदणात ठेवला. तो नीट बसेना. त्यांनी वरून एक चापट मारली.

"अहो, नको!" मणिकार ओरडला.

घर्रर्रर्र!

झुंबरं हलली. सेनापतींनी तलवार उपसली. मणिकाराच्या पायाखालची जमीन सरकली, आणि घाबरलेला माणूस जे करतो तेच त्यानं केलं. दुसऱ्याकडे बोट दाखवलं.

"राणीसाहेब, हे माझे सासरे! हे घोरतात! माझा काही दोष नाही!"

सगळा दरबार सासऱ्यांकडे वळला. म्हातारा टोपी हातात घेऊन खाली बघू लागला. तेवढ्यात मण्यातून, घोरणं जोरात चालू असतानाच, सासऱ्यांचाच आवाज आला.

"पोरी, जागी आहेस?"

"या आवाजात कोण झोपणार, बाबा?"

"लग्नाआधी नीट चौकशी करायला हवी होती."

"तुम्हीच म्हणाला होतात, मुलगा शांत आहे."

"दिवसा पाहिलं होतं गं मी त्यांना!"

घर्रर्रर्र!

"मग त्यांना सांगत का नाहीस?"

"नको बाबा. लाजेनं झोपायचेच नाहीत. तेवढी पगडी मिळू दे त्यांना, जीव अडकलाय त्यात."

"बरं. तोवर मीच घोरतो म्हण. माझं काय जातंय?"

धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं मणिकाराला झालं. पगडी गेली, कारखाना गेला, त्याचं एक वेळ सोडा. पण ज्या म्हाताऱ्यानं आपलं घोरणं अंगावर घेतलं, त्याच्याकडेच आपण भर दरबारात बोट दाखवलं! त्याला रडू फुटलं.

"बाबा, चुकलो मी..."

"हळू बोला, जावईबापू," सासरे कुजबुजले. "तिकडे बघा."

राणीसाहेबांची मान कलली होती. तोंड उघडं. गाढ झोप!

"राजेसाहेब अस्सेच घोरायचे हो!" कारभाऱ्यांनी डोळे पुसले.

मणी रिकामा होईपर्यंत राणीसाहेब झोपल्या, आणि उठल्या त्या हुकूम देतच. पगडी दुसऱ्याला द्यावी. ह्याच्या कारखान्याला कुलूप लावावं, कारण कामानं माणूस दमतो आणि दमला की घोरणं बिघडतं. ह्यानं फक्त झोपावं आणि भरलेला मणी रोज सकाळी राजवाड्यावर पोचवावा! पगडीऐवजी घरी रेशमी उशी आली. पैलू पाडणारे हात मांडीवर ठेवून मणिकार तिच्याकडे बघत बसला.

आणि त्या काळजीनं त्याची झोप उडाली ती उडालीच! घोरणं लांबच, साधी जांभई येईना. मणी रिकामा गेला तर डोकंच उडायचं.

शेवटी सासऱ्यांनीच आडवं होऊन मणी आपल्या उशाशी ओढला. "पडून राहा तुम्ही. इतक्या रात्री ऐकलंय, चाल पाठ आहे मला." आणि डोळे टक्क उघडे ठेवून त्यांनी सुरुवात केली, घर्रर्र! राणीसाहेबांना फरक कळला नाही.

तेव्हापासून मणिकार रोज शेजारी पडून ते ऐकत असतो. बाबा घोरतात! त्यानं पहिल्यापासून हेच तर सांगितलं होतं. आता ते खरं झालंय, आणि कुणाला सांगायची सोय नाही.