कुसुममावशींचं सुतक

आमच्या घरी बेसन किती लागेल, हे दहशतवादी ठरवतात.

सांगते. आम्ही सिडकोत राहतो आणि खालच्या मजल्यावर कुसुममावशी. मूळच्या नामपूरच्या, मुलाच्या नोकरीपायी नाशकात आलेल्या, आता एकट्याच. संध्याकाळी टीव्हीवर अतिरेकी आणि कमांडोंची मालिका लागते, ती त्या चुकवत नाहीत. मालिकेत स्फोट झाला, माणसं गेली, की मावशी उठून गॅस बंद करतात, डोक्यावरून पाणी घेतात आणि सुतक धरतात. सुतकाच्या घरी चूल पेटत नाही. शेजाऱ्यांनी पिठलं-भात न्यायचा असतो. शेजारी म्हणजे मी.

"अहो मावशी, नट आहेत ते. स्फोट झाला की उठून चहा पितात."

"ठाऊक शे मला. पण आधी पडले ना?"

कमांडो दारं फोडू लागले, मंत्री निषेध करू लागले, की मावशींचं लक्ष उडतं. "हे झालं सगळं. गेलेल्यांच्या घरी कोण गेलं ते दाखवा की, मेल्यांनो!" निर्मात्याला त्यांनी इतक्या शिव्या दिल्यात की तो अजून ठणठणीत कसा, याचंच मला नवल वाटतं.

परवा मालिकेत बाजारात स्फोट झाला. एक बाई नवऱ्याचा फोटो घेऊन दवाखान्याच्या दारात उभी, आणि ओळख पटलेली नाही म्हणून साहेब तिला परत पाठवत होते. मी ताट घेऊन खाली गेले, जरा वैतागूनच.

"मावशी, हा माणूस गेला की नाही तेच अजून ठरलेलं नाही. आज कसलं सुतक?"

मावशींनी टीव्ही बंद केला.

"माझ्या सुनीलचं असंच झालं. कामाला परगावी गेला, तिथं स्टँडवर स्फोट झाला. ओळख पटेना. मग मेला कसं म्हणायचं? शेजारणी पिठलं घेऊन आल्या, त्यांना मी हाकलून दिलं. पोरगा जिता शे माझा, म्हटलं. रोज त्याच्यासाठी वांग्याची भाजी केली. तो तिथं बर्फावर पडलेला, पोरी, अन् मी इथं फोडणी देत होते."

"आणि नंतर?"

"नंतर कळलं, तेव्हा कोणीच आलं नाही. मीच हाकललेलं ना."

आम्ही इथं राहायला आलो ते त्यानंतर; सुनील गेला एवढंच मला माहीत होतं. मला रडू आवरेना.

दुःखाच्या घरी पहिला घास दुसऱ्यानं भरवायचा असतो. मी खाली बसले, पिठलं-भात कालवला.

"हा सुनीलच्या सुतकाचा," म्हटलं.

मावशींनी तोंड उघडलं.