कर्ण्यावरची चढाई

हिवाळ्यातल्या शुक्रवारचे ऊन आखातातल्या जिदहफ्स गावच्या मैदानावर घाई न करता उतरत होते. आधी खजुरांच्या शेंड्यांवर, मग गच्च्यांवरच्या पाण्याच्या टाक्यांवर, मग कठड्यावर वाळत घातलेल्या एका निळ्या बॉयलर सूटवर, आणि शेवटी कबड्डीच्या मॅटवर, जिथे ते हलक्या हाताने अंथरलेल्या चादरीसारखे पसरून राहिले. समालोचनाच्या टेबलाशी बसून सदानंद ते पाहत होता. एके काळी तो व्यावसायिक संघाचा हुकमी चढाईपटू होता. दिव्यांच्या झोतात खेळलेल्या माणसाला सकाळचे ऊन नेहमीच थोडे पोरके वाटते. गुडघ्याने दगा दिला म्हणून खेळ सुटला, असे तो सर्वांना सांगे.

आज मात्र बेत पक्का होता. मुंबईच्या एका क्रीडावाहिनीतला जयेश फोनवरून थेट ऐकणार होता. समालोचन आवडले, की नोकरी!

"बोलायचंय हं, खेळायचं नाहीये," बायकोने, सुनीताने, बजावले.

"अगं, जिभेवर माझा पूर्ण ताबा आहे!"

सामना सुरू झाला. मआमीर गावच्या संघाचा सागर चढाईला गेला आणि त्याच्या 'कबड्डी-कबड्डी'त सदानंदचे ओठ नकळत मिसळले. दुसऱ्या चढाईला ओठांना आवाज फुटला. तिसरीपासून समोरच्या माइकमधून मैदानाचे चारही कर्णे घुमू लागले! आपला दम परस्पर दुसराच कुणी घालतो आहे हे कळताच सागरने तोंड मिटले आणि तो सासुरवाडीला आलेल्या जावयासारखा निवांत हिंडू लागला.

"दाजी, तो गप्प आहे! बाद द्या!" समोरच्या संघाचा कर्णधार ताहिर ओरडला.

पंच दाजी एरवी टेम्पो चालवत; पण शिट्टी हाती आली, की साक्षात न्यायमूर्ती!

"गप खंय हा? अख्ख्या जिदहफ्साक आयकाक येता मा!"

"अहो, ते सदानंदभाऊ आहेत!"

"माका दम आयकाचो, तोंड बघूचा नाय! यल्ला, खेळा!"

सुनीताने बाही ओढली. सदानंदचे डोळे मिटलेले होते. तो कधीच दूरच्या त्या झगझगीत मॅटवर पोचला होता. प्रेक्षक त्याचे नाव घेत होते, मध्यरेषा हातभर अंतरावर होती.

शेवटची चढाई. मआमीरला एक गुण हवा होता आणि सागर तिघांच्या मधोमध उभा होता. कर्ण्यांतली 'कबड्डी' चढत गेली, खरखरली, आणि अर्ध्यावरच तुटली. सदानंद टेबल धरून धापा टाकत होता.

शिट्टी! "दम तुटलो! सागर बाद! खलास!"

"माझा कुठे तुटला? मी तर तोंडच उघडलं नव्हतं!" सागर उसळला.

"मगे कोणाचो तुटलो?"

सारे मैदान टेबलाकडे वळले. फोनमधून जयेशचा आवाज आला, "सदानंदराव, मघापासून कबड्डीच ऐकतोय. समालोचन कधी सुरू करताय?"

सुनीताने पाण्याचा पेला पुढे सरकवला. "गुडघा दुखतोय का?" तिने हळूच विचारले, लाज राखायची ही तिची नेहमीची रीत.

माइक चालूच होता.

"नाही गं," सदानंद म्हणाला, आणि चारही कर्ण्यांनी ते गावभर पोचवले. "गुडघा कधीच दुखला नव्हता. दम पुरेना, म्हणून संघाने काढलं मला."