राजेश्रीचे गाल

"हिला गाल आलेत हो," जेवण वाढायच्या माझ्या टेबलामागे उभं राहून निवेदिता मॅडम पुटपुटल्या. "बारा दिवसांपूर्वी नव्हते."

गरिबी ही मोठ्या निगुतीने जपायची वस्तू आहे. जरा दुर्लक्ष झालं की ती बघता बघता कमी होते, असा अनुभव सेलूला आलेल्या सिनेमावाल्यांना आला. (सेलूत राहणाऱ्यांना तो अजून यायचा आहे.)

सिनेमा रस्त्यावर राहणाऱ्या मुलीचा होता. दिग्दर्शक नचिकेत सर पुण्याचे, स्वभावाने फार हळवे. त्यांना नटी नको होती, अस्सल पोर हवी होती. सबब एकशे सदुसष्ट मुलं तपासण्यात आली. पैकी एकशे एकवीस जणांना आयांनी न्हाऊमाखू घालून, पावडर थापून आणलं होतं, म्हणून बाद. एकोणतीस जणांना हसू आवरेना. सोळा जणांना कविता म्हणायची होती. उरली राजेश्री, वय नऊ, कापसाच्या जिनिंगवर कामाला जाणाऱ्या नर्मदाबाईची. खिचडी वाटतायत असं वाटून ती रांगेत उभी राहिली होती.

तिच्यासाठी पोशाख विभागाने मुंबईहून फ्रॉक मागवला. नवा घेऊन, जाणकाराकडून सात ठिकाणी फाडून, इस्त्री करून आलेला. दुसऱ्या दिवशी तो सातही ठिकाणी शिवून, धुऊन परत आला. खांद्यावरच्या भोकावर तर चक्क फूल भरलं होतं.

"अहो ताई, तो फाटलेलाच हवा होता," निवेदिता मॅडम कळवळल्या. शूटिंगची वही त्यांच्याकडे. कालची बट आज त्याच जागी आहे का, हे फोटो लावून बघणं हे त्यांचं काम.

"चौघांत उभी राहायची पोर," नर्मदाबाई म्हणाल्या. "फाटकं घालून धाडू व्हय? लोकं मला काय म्हंतील?"

हा मुद्दा पटकथेत नव्हता. फ्रॉक पुन्हा फाडण्यात आला आणि रोज संध्याकाळी जमा करून घेण्याचं ठरलं.

गाल मात्र जमा करून घेता येईनात. त्याला जबाबदार मी. युनिटचं जेवण माझ्या खानावळीतून जायचं आणि राजेश्रीच्या पोळीवर माझ्या हातून तूप सुटायचं. (करारात तूप नव्हतं.) वहीतला पहिला फोटो आणि समोरची मुलगी यांचा मेळ बसेना. आणि मुख्य प्रसंग तर अजून बाकी होता. भज्यांच्या गाड्यासमोर उभं राहून तिने नुसतं बघायचं होतं.

बैठक झाली. काय करायचं ते सगळ्यांना कळलं होतं, त्यामुळे ते कुणी बोललं नाही. एकजण म्हणाला, "चेहरा थोडा मागे न्यायला हवा." नचिकेत सर म्हणाले, "तिला भूमिकेत राहू द्या." मला सांगण्यात आलं, "मावशी, तिला जरा हलकं वाढा." हलकं म्हणजे किती, हे मी विचारलं नाही. नर्मदाबाईंना कळवण्यात आलं की वालूरची एक मुलगी तयार आहे, फार छान बारीक आहे, पण मग राजेश्रीच्या शिक्षणाची सोय करणं अवघड होईल. (सदर सोय अद्याप विचाराधीन आहे.)

नर्मदाबाई पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिल्या. मग म्हणाल्या, "चारच दिवस ना?"

चारच दिवस. सकाळी चहा आणि दोन बिस्किटं, पॅकअपनंतर भाताची एक मूद. दुपारी सगळ्यांची पंगत बसली की तिचं ताट मी झाकून ठेवायची.

"मावशी, काय केलंय आज?"

"वांगी."

"लय वास यायलाय." थोड्या वेळाने, "माझं वाढायचं राह्यलंय."

"मागून वाढते गं."

पोर शहाणी. तिसऱ्या दिवसापासून तिने विचारलं नाही.

चौथ्या दिवशी तो प्रसंग झाला. भजी गरम दिसावीत म्हणून पाच घाणे काढले, पण पहिल्याच टेकला काम झालं. कॅमेरामन रडला. नचिकेत सर बाजूला जाऊन रडले. मीही डोळ्यांना पदर लावला. मग राजेश्रीला पोटभर वाढण्यात आलं. इतरांनी पाचही घाणे संपवले.

सिनेमाला बक्षीस मिळालं. तुम्हीही तो पाहिला असेल आणि त्या गाड्यापाशी तुमच्याही घशात काही दाटून आलं असेल. चांगल्या माणसांना तसं होतंच. आमच्याकडे खास खेळ झाला तेव्हा चारशे बारा चांगली माणसं हजर होती. मुसमुसण्याने शेवटचे संवाद ऐकू आले नाहीत.

नंतर सत्कार. शाल, नारळ आणि अध्यक्ष अनंतराव सर, निवृत्त मुख्याध्यापक. चष्मा पुसत ते म्हणाले, "असा अभिनय मी जन्मात पाहिला नाही. बाळ, ते गाड्यासमोरचं बघणं एकदा इथे करून दाखव बरं. सगळ्यांना पुन्हा बघायचंय."

टाळ्यांचा कडकडाट झाला. मीही वाजवल्या. तुम्ही असतात तर तुम्हीही वाजवल्या असत्या.

राजेश्री पुढे आली. अंगात आईने शिवलेला नवा फ्रॉक, खांद्यावर फूल. मोठ्यांचं ऐकणारी पोर ती. तिने खरोखर प्रयत्न केला. समोर बघितलं, डोळे मिटून उघडले, पुन्हा बघितलं. मग ओशाळून माइकजवळ तोंड नेलं.

"आज न्हाई जमायचं, सर. आज जेवून आले मी."